रायपूरवाली आणि लोखंडी बत्ता

पुनाराम लंजेला स्वतःच्या जिभेचा भारी राग आला होता, पण आता रागावून उपयोग काय. दिवाळीच्या अगोदर, पानठेल्यावर, चार माणसांत तो बोलून बसला होता. कोणीतरी नुसतं एवढंच म्हटलं होतं, "काका, एवढी मोठी गाडी हाये, पन काकू काई तिच्यात बसलेली दिसत नाई." झालं. पुनारामचं डोकं फिरलं. तोंडातलं पान बाजूला थुंकून तो म्हणाला, "दिवाळीनंतरच्या मंडईले लेकीले, पुष्पाले, आनाले तिची माय याच गाडीत बसून तिरोड्याले जाईल. नाई बसली तं दुसऱ्या दिवशी गाडी भंगारात देऊन टाकीन. लिहून ठेवा."

कोणी लिहून ठेवलं नाही, पण लक्षात मात्र सगळ्यांनी ठेवलं. गोंदियाचा भंगारवाला मुन्नालाल, त्यालाही कोणी भल्या माणसानं कळवलं. तेव्हापासून त्याचा रोज सकाळी फोन. "पुनाराम भैया, गाडी कब उठाऊं? क्रेन भेजूं, या आप धक्का मार के ला दोगे?" पुनाराम फोन कापायचा आणि फडकं घेऊन गाडी पुसायला लागायचा.

आणि जमुनाबाई? ती गाडीत बसणार नाही हे अख्ख्या गावाला ठाऊक होतं. बसणं सोडा, गाडीच्या बाजूनं जायची वेळ आली तर सवतीच्या अंगणातून जावं तशी पदर आवरून जायची. उन्हाळ्यात पुष्पांजलीचं लग्न झालं तेव्हा नवरीची आई ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत बसून गेली आणि नवरीचा बाप एकटाच त्या लांबलचक काळ्या गाडीत. लोकांनी काय बोलायचं ते बोलून घेतलं. पुनारामला लोकांचं काही नव्हतं हो. त्याला एवढंच वाटायचं की आपल्या शेजारची ती मऊ गादी रिकामी आहे, आणि ती रिकामी असावी म्हणून काही आपण गाडी घेतली नव्हती.

गाडी आली कशी, ते ऐका. साल दोन हजार नऊ. पुनाराम बारीक तांदळाचा नमुना घेऊन रायपूरला एका व्यापाऱ्याकडे गेला होता. व्यापाऱ्याच्या बंगल्यामागं एक गाडी ताडपत्रीखाली उभी. वारा आला, ताडपत्रीचं टोक उडालं आणि खालून काळं चकचकीत अंग दिसलं. पुनाराम तांदूळ विसरला. गाडी दहा वर्षांची होती, जर्मनीची होती, आणि व्यापाऱ्याच्या पोरांना ती जुनाट वाटत होती. पुनाराम आत बसला. व्यापाऱ्यानं एक बटन दाबलं तशी गादी आपोआप पुढं सरकली, पाठ सरळ झाली, आरसे कान फिरवल्यासारखे फिरले आणि थांबले. "इसको याद रहता है," व्यापारी म्हणाला, "कौन कैसे बैठता है." पुनारामला आयुष्यात कोणी विचारलं नव्हतं, तू कसा बसतोस म्हणून. त्यानं त्याच दिवशी बोलणं पक्कं केलं. किती दिले ते त्यानं जमुनाबाईलासुद्धा आजवर सांगितलेलं नाही, मग आपल्याला कुठून कळणार.

आपल्याकडे सून ज्या गावची तिला त्या गावाचं नाव पडतं, गोरेगाववाली, आमगाववाली. तशी ही रायपूरवाली. नाव जमुनाबाईनंच ठेवलं. तेव्हा तिलाही हौस होती. पहिल्या उन्हाळ्यात दोघं नवेगावच्या बांधापर्यंत फिरून आली. छताला एक काचेची खिडकी होती, ती बटन दाबलं की गुणगुण करत मागं सरकायची आणि डोक्यावर उघडं आभाळ. जमुनाबाई वर बघत राहिली आणि मान दुखेपर्यंत बघत राहिली. मग भर मे महिन्यात कोणाचं तरी बोट कुठल्यातरी बटनावर पडलं आणि खालून गादी तापायला लागली. दोघांची बुडं भाजून निघाली. रस्त्याच्या कडेला गाडी थांबवून दोघं उभ्या-उभ्या हसत होती, आणि येणारे-जाणारे ट्रकवाले बघत होते. असे दिवस होते.

गाडी घरी आणली त्याच दिवशी पुनारामनं तिला पाइप लावून धुतली होती. धुणं झालं, अंग पुसून झालं, तरी पुढच्या दोन्ही चाकांजवळून पाण्याची बारीक धार गळतच होती. पुनाराम वाकला. आत एक रबरी नळी, तिच्या तोंडातून पाणी ठिबकत होतं. आता हा माणूस कोहळी, तलाव बांधणाऱ्यांच्या वंशातला. गावाचा तलाव, गावाच्या बोलीत तरा, त्याच्या पणज्यानं बांधलेला, आणि त्या तलावाचं पाणी कोणाच्या धानाच्या बांधीत कधी सोडायचं हे आजही पुनारामच ठरवायचा. तलावाच्या मातीच्या पाळीतून कुठं बारीक धार निघाली की ती दिवस मावळायच्या आत बुजवायची, हे त्याला चालता यायच्या आधी कळलेलं. विळ्याची मूठ बसवायला घरात लाख होती. त्यानं ती वितळवली आणि दोन्ही नळ्यांची तोंडं गच्च बंद करून टाकली.

"कायले बुजवता जी," जमुनाबाई दारातून म्हणाली होती. "जर्मनीवाल्यानं भोक ठेवलं तं काई समजूनच ठेवलं असंल."

"जर्मनीवाल्यानं कधी तरा बांधला का?" पुनाराम म्हणाला. आणि पुढं महिनाभर तो लोकांना सांगत होता, एवढी जुनी गाडी, पण थेंब गळत नाही.

मग आला पोळा. चार-सहा आठवडे नुसता पाऊस झोडपत होता, त्या दिवशी जरा उघडला. बैल सजून तोरणाखाली उभे होते. पुनारामनं रायपूरवालीलाही झूल घालावी तशी शाल घातली, समोर आंब्याच्या पानांचं तोरण बांधलं आणि जमुनाबाईला आरतीचं ताट घेऊन आत बसवलं. तिनं स्टेअरिंगला हळदकुंकू लावलं. तेवढ्यात चारही दारांच्या कड्या टक्कन खाली बसल्या. काचा वर गेल्या. वायपर कोरड्या काचेवर घासायला लागले, आणि भोंगा जो सुरू झाला तो थांबायचं नाव घेईना. बैल बिथरले. झुली, बेगड, मोरपिसं सगळी घेऊन ते तोरण तोडून जे उधळले, ते थेट तलावात. आणि आत जमुनाबाई. हातात जळतं निरांजन, धूर कोंडलेला, कपाळावरून घाम. बाहेर गावातली झाडून सगळी पोरं काचेला नाकं लावून तिच्याकडे बघत होती. मोठी माणसं हसत नव्हती असं नाही. सडक अर्जुनीहून रत्नपाल मिस्त्रीला आणेपर्यंत ती तशीच बसून होती.

दार उघडल्यावर ती खाली उतरली, ताट पुनारामच्या हातात दिलं आणि म्हणाली, "तुमची गाडी तुमाले लखलाभ. मी मरन, तवाबी या गाडीतून नेऊ नका." एवढं बोलून घरात गेली. तिनं भांडण केलं असतं तर बरं झालं असतं, पण तिनं भांडण केलं नाही.

तेव्हापासून रायपूरवालीची आणि रत्नपालची गाठ पडली. रत्नपालचं गॅरेज हायवेवर. ट्रकांच्या वायरिंगचं काम, हात चलाख, आणि जे समजत नाही ते समजत नाही असं सरळ सांगणारा माणूस. या गाडीनं त्याला घाम फोडला. कधी भर उन्हात वायपर चालायचे. कधी पुनाराम चालवता-चालवता गादी आपोआप पुढं यायला लागायची आणि त्याचं पोट स्टेअरिंगवर दाबायची, तो ओरडायचा, ती ऐकायची नाही. कधी डिक्की बाजारात सताड उघडायची आणि शेतात मात्र काही केल्या उघडायची नाही. आतून एक बाई काहीतरी जर्मन बोलायची, आणि पुनाराम तिला "हो बाई, हो बाई" म्हणत गाडी चालवायचा. रत्नपालनं नागपूरहून एक ओळखीचा पोरगा लॅपटॉप घेऊन बोलावला. त्यानं वायर जोडली तर पडद्यावर चुका वरून खाली पळायलाच लागल्या, थांबेचनात. पोरगा म्हणाला, एवढ्या चुका एका गाडीत असूच शकत नाहीत, माझा लॅपटॉपच बिघडला असेल. आणि वायर गुंडाळून गेला.

"काका, एक गोष्ट मी पाहून राहिलो," रत्नपाल एकदा म्हणाला होता. "उन्हाळ्यात ही शहानी असते. पावसाळा लागला का पागल होते."

"रायपूरची हाये ना," पुनाराम म्हणाला. "आपल्याकडची हवा मानवत नसंल." आणि विषय तिथंच संपला. माणसाला स्वतःचं बोलणं आवडलं की तो पुढं विचार करत नाही.

तर आता मंडई तोंडावर आली होती. दिवाळीनंतर गावात मंडई भरते, लेकी माहेरी येतात, आणि लग्नानंतरच्या पहिल्या मंडईला लेकीला आणायला आईबापानं जातीनं जायचं असतं. जमुनाबाईनं पिशवी भरून ठेवली होती आणि जाणार कशी तेही सांगून टाकलं होतं, काळी-पिवळी जीपनं. पुनारामनं सकाळी उठून गाडी काढली आणि सरळ रत्नपालकडे नेली. वाटेत गादीनं त्याला तीनदा दाबलं.

"रत्नपाल, उद्या जाचं हाये," तो म्हणाला. "का वाट्टेल ते कर गा. नाई तं मुन्नालालची क्रेन येते."

रत्नपालनं हात पुसले. "काका, म्या सगळं पाह्यलं, एक पेटी सोडून. दारं, काचा, गाद्या, सगळ्याइले हुकूम देनारी एक पेटी असते, ती म्हने डाव्या बाजूच्या पायाखाली हाये. गालिच्याखाली. पन तो गालिचा काढाचा म्हंजे आरदी गाडी खोलाची. मंग जुडली नाई तं मले बोलाचं नाई."

"खोल," पुनाराम म्हणाला.

गादी निघाली. खालच्या पट्ट्या निघाल्या. रत्नपालनं गालिच्याचं टोक धरून ओढलं आणि हातातला पाना तसाच धरून तो मागं सरला. "काका," तो हळूच म्हणाला, "इकडं या. हे का होय?"

पुनारामनं वाकून पाहिलं. गालिच्याखाली भाताच्या रोपांचे परे उगवले होते. अंधारात उगवलेले, म्हणून पिवळट पांढरे, बोटभर उंच, दाट, एका अंगाला झुकलेले. दसऱ्याच्या सुमारास हलक्या धानाचा नमुना गिरणीवर नेताना पिशवी फाटली होती, ते दाणे फटीतून खाली गेले असणार. पुनारामला तो प्रकार बघून आधी हसूच आलं. आयुष्यभर बांधीत परे टाकले, आता गाडीत. त्यानं हात घालून एक कोंब उपटला. मुळाशी चिखल नव्हता, पण गालिच्याच्या खालचा फेसासारखा जाड कापूस होता, तो पिळला तर पाणी निघालं. बोटं खाली घातली तर बोटं बुडाली.

"रत्नपाल," तो म्हणाला, आणि त्याचा आवाज बदलला होता. "इथं पानी हाये. आजचं नाई. लय दिवसाचं. वास घे."

"हौ ना. पेटी पान्यातच बसून हाये काका," रत्नपाल म्हणाला. "म्हून ती पागल होऊन राहिली. पावसाळ्यात जास्त पानी, जास्त पागल. पन आलं कुठून हे?"

आता हा प्रश्न पुनारामला विचारायचा म्हणजे काय झालं. त्याच्या अंगात एकदम वारं शिरलं. पाणी कुठून आलं हे शोधायला त्याला लॅपटॉप लागत नव्हता. वरून खाली. पाणी नेहमी वरून खाली. त्यानं छताची खिडकी उघडली, तिच्या भोवती चारी बाजूंनी बारीक पन्हळ होती, आणि पन्हळीच्या कोपऱ्यात छिद्रं. अरे वा, तो मनात म्हणाला, म्हणजे वरचं पाणी या पन्हळीत येणार, छिद्रातून नळीत जाणार, नळीतून खाली. बांधणारा हुशार होता. त्यानं रत्नपालचा लोटा घेतला, पन्हळीत पाणी ओतलं आणि उडी मारून खाली चाकाजवळ जाऊन बसला. थेंबसुद्धा आला नाही. त्यानं दुसरा लोटा ओतला. पन्हळ भरली, काठावरून सांडली, आतल्या खांबावरून ओघळली आणि सरळ त्या परे उगवलेल्या खड्ड्यात आली.

"नळी कुठंतरी तुंबली," रत्नपाल म्हणाला.

पुनारामनं चाकाच्या मागं हात घातला. बोटाला रबरी नळी लागली, आणि नळीच्या तोंडाला काहीतरी कडक, गुळगुळीत, घट्ट बसलेलं. त्यानं मान घालून पाहिलं. लाल-काळी लाख. मग दुसऱ्या बाजूनं पाहिलं, तिकडेही लाख. आणि मग तो तिथंच जमिनीवर बसला.

तलावाला पाळ असते तसा सांडवा असतो. जास्तीचं पाणी जायला सोडलेली वाट. सांडवा बुजवला तर तलाव एका रात्रीत पाळ फोडून गावात शिरतो, हे लहान पोरालाही माहीत. सांडव्याला हात लावणाऱ्याला पुनारामच्या आज्यानं गावाबाहेर काढलं असतं. आणि पुनारामनं स्वतःच्या हातानं, वितळवलेल्या लाखेनं, दोन्ही बाजूंनी रायपूरवालीचा सांडवा बुजवून टाकला होता. वर महिनाभर बढाई मारली होती, थेंब गळत नाही.

"का झालं काका?" रत्नपालनं विचारलं.

"काई नाई. विळा आन."

विळ्याच्या टोकानं त्यानं लाख कोरली. ती सुटली आणि नळीतलं कोंडलेलं काळं पाणी पिचकारीसारखं त्याच्या तोंडावर आलं. पुनारामनं तोंड पुसलं नाही. दुसऱ्या बाजूची लाख काढली, पुन्हा लोटा ओतला, आणि पाणी वरून जे सुटलं ते दोन्ही चाकांजवळून सरळ जमिनीवर, वेळ न लावता. पुनाराम उभा राहिला आणि नाचायला लागला. पंचावन्न वर्षांचा माणूस, धोतर भिजलेलं, तोंड काळं झालेलं, हायवेवर नाचतोय. ट्रकवाल्यांनी हॉर्न दिले.

रत्नपालनं पेटी काढली, उघडली, कापडानं टिपली आणि सुपात घालून पत्र्यावर उन्हात ठेवली. गालिचा कुंपणावर टाकला. दिवसभर दोघं तिच्याभोवती आजारी माणसाच्या खाटेभोवती फिरावं तसे फिरत होते. संध्याकाळी पेटी बसवली, किल्ली फिरवली. गादी गप्प. वायपर गप्प. कड्या एकदम वर, एकदम खाली, सांगितल्याप्रमाणे. रत्नपाल मात्र म्हणाला, "काका, पानी गेलं, पन आत जंग लागला हाये. एखाद्या येळेस दगा देईलबी. काकूले हे सांगजा, लपवजा नका."

लपवायचं पुनारामच्या मनात आलं होतं, खोटं कशाला बोला. वाटेत त्यानं दोन-तीन गोष्टी रचूनही पाहिल्या. उंदरानं नळी तुंबवली, पालापाचोळा अडकला. पण घरी पोचला तर जमुनाबाई ओसरीत तांदूळ निवडत बसली होती आणि तिनं त्याच्या काळ्या तोंडाकडे नुसतं पाहिलं. मग त्यानं खिशातून लाखेचे दोन्ही खडे काढले आणि तिच्या सुपात टाकले.

"हे का होय?" ती म्हणाली.

"सांडवा होता तो," पुनाराम म्हणाला. "म्या बुजवला. तू नाई म्हनली होती तरी बुजवला. पोळ्याले तुले गाडीनं नाई कोंडलं, म्या कोंडलं." एवढं बोलून तो खाली मान घालून उभा राहिला.

जमुनाबाईनं खडा उचलून उलटसुलट पाहिला. तिच्या खांद्याला हिसका बसला. पुनारामला वाटलं, रडते. मग दुसरा हिसका बसला आणि तिनं पदर तोंडात कोंबला, पण हसू पदरात मावेना. "तरा बांधनाऱ्याचा पनतू," ती कशीबशी म्हणाली, "आन् सांडवा बुजवला. अगे माय. सासरा असता तं तुमाले पाळीवर उल्टं टांगलं असतं." ती हसत होती, थांबत होती, पुन्हा खड्याकडे बघून हसत होती. मग डोळे पुसून म्हणाली, "आन् लोकाइले सांगत होते, थेंब गळत नाई."

"मंग उद्या बसशील का?" पुनारामनं विचारलं.

"पाहू," ती म्हणाली, आणि तांदूळ निवडायला लागली.

त्या रात्री पुनारामला झोप कसली येते. पहाटेच उठून त्यानं गाडी दारात लावली. जमुनाबाई नवं लुगडं नेसून बाहेर आली. एका हातात पिशवी, आणि दुसऱ्या हातात खलबत्त्याचा लोखंडी बत्ता. ती पुढच्या गादीवर बसली आणि बत्ता मांडीवर आडवा ठेवला. "दार लागलं का काच फोडीन," ती म्हणाली. "मंग म्हनू नका, काऊन फोडली."

"फोड," पुनाराम म्हणाला. त्याला त्या क्षणी सगळ्या काचा फुटल्या तरी चालणार होतं. गावातली माणसं दारात उभी राहून बघत होती, पानठेलेवाला तर रस्त्यावर आला होता. पुनारामनं त्याच्याकडे पाहून मान हलवली आणि गाडी सोडली.

कोहमारा फाटा गेला. जमुनाबाई ताठ बसली होती, बत्ता घट्ट धरून, जसं काही शेजारी चोर बसलाय. थंडी होती, तिची कंबर प्रवासात नेहमी धरायची. पुनारामनं हळूच ते बटन दाबलं. गोरेगाव यायच्या आत तिची पाठ सैल झाली, डोकं मागं टेकलं. "हे तेच होय का," तिनं विचारलं, "बूड भाजलं होतं ते?" पुनाराम म्हणाला, हो. "थंडीत बरं हाये," ती म्हणाली. दोन्ही बाजूंना धान कापून झालेलं, ढीग घातलेले, कुठं मळणी चाललेली. पुनारामला ओरडावंसं वाटत होतं, पण त्यानं नुसता स्टेअरिंगवर अंगठ्यानं ठेका धरला. मुन्नालालचा फोन आला, त्यानं उचलला नाही.

तिरोड्यात इवायाच्या दारात गाडी थांबली. इवाई म्हणजे पुष्पांजलीचे सासरे, केशोराव, गृहस्थ जरा टापटिपीचे. ते पाय धुवायला पाण्याची बादली आणि लोटा घेऊन उभे होते. पुष्पांजली दारातून धावत आली. शेजारपाजारचे गाडी बघायला जमले. पुनारामनं किल्ली काढली आणि दाराला हात घातला.

टक्. चारही कड्या खाली बसल्या.

पुनारामनं दार ओढलं. उघडेना. काचेचं बटन दाबलं. काच हलेना. बाहेर पोरं जमली आणि त्यांनी काचेला नाकं लावली, अगदी पोळ्यासारखी. पुष्पांजलीचा चेहरा उतरला. तिला सगळं ठाऊक होतं. पुनारामची शेजारी बघायची हिंमत होईना. त्याला एवढंच दिसलं की जमुनाबाईचा हात बत्त्यावर घट्ट झाला आणि बत्ता वर उचलला गेला. त्यानं डोळे मिटले आणि काच फुटायची वाट पाहिली.

काच फुटली नाही. जमुनाबाई बत्ता छताकडे करून विचारत होती, "अजी, हे वरचं तरी उघडते का?"

पुनारामनं बटन दाबलं. गुणगुण झाली, काच मागं सरकली आणि आत ऊन पडलं. जमुनाबाईनं चप्पल काढली, गादीवर उभी राहिली, पदर सावरला आणि छातीपर्यंत गाडीच्या छतातून बाहेर आली. एका हातात बत्ता. सगळे बघतच राहिले. केशोरावांच्या हातातला लोटा तिरपा झाला.

"इवाई," ती वरून म्हणाली, "पाय तं खाली अडकून हाये. तुमी आनलेल्या पान्यानं मी सद्या तोंडच धुतो. आना लोटा."

आधी पुष्पांजली हसली, मग इहीण, म्हणजे तिची सासू, मग केशोरावसुद्धा. त्यांनी टाचा उंचावून लोटा वर दिला आणि जमुनाबाईनं खरंच वर उभ्यानं तोंड धुतलं. पाणी छतावर सांडलं, पन्हळीत गेलं, आणि दोन्ही चाकांजवळून खाली वाहून गेलं. ते पुनारामनं आत बसून ऐकलं. तेवढ्यात त्याच्या खिशात पुन्हा फोन वाजला. त्यानं घाईनं कापायला काढला, पण वरून एक ओला हात खाली आला. "कोन, मुन्नालाल होय ना? द्या इकडं."

तिनं फोन कानाला लावला. पलीकडचं बोलणं पुरतं ऐकून घेतलं. मग सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "मुन्नालालभाऊ, आमची गाडी इकाची नाई. तुमाले लोखंडच पायजे असंल तं एक बत्ता हाये, तो घेऊन जा. आमाले आता त्याचं काम नाई."

खाली पुनाराम गाडीच्या जर्मन बाईला सुद्धा ऐकू न जाणाऱ्या आवाजात "आमची" असं एकदा म्हणून बघत होता, तोच चारही कड्या आपोआप वर आल्या. पुष्पांजलीनं आईसाठी दार उघडून धरलं. जमुनाबाईनं खाली वाकून उघड्या दाराकडे पाहिलं, बत्ता लेकीच्या हातात दिला आणि पुन्हा सरळ उभी राहिली.

"तू मांगं बस वो पुष्पे," ती म्हणाली. "आन् तुमी चाला जी. बजारातून एक चक्कर मारा. जरा सावकाश."